येत असलं तरी चुकवा

संशोधनाचा विषय आणि त्याचा निष्कर्ष मला एकाच दिवशी मिळाला. बी.एड.चं दुसरं वर्ष होतं. मार्गदर्शक मॅडम एकेकीला खोलीत बोलावून विषय देत होत्या. माझा विषय होता, पारंपरिक आणि नावीन्यपूर्ण अध्यापन पद्धतींविषयी विद्यार्थ्यांना काय वाटतं. मी मनातून खूश झाले. मुलांशी बोलायला मिळणार होतं. तेवढ्यात मॅडमनी कपाटातून एक निळ्या कव्हरची फाईल काढून माझ्यासमोर टाकली.

"मागच्या बॅचची आहे. शाळा, वर्ग आणि पटसंख्या बदल. बाकी मांडणी हीच राहू दे."

मी शेवटचं पान उघडलं. नावीन्यपूर्ण पद्धतीमुळे विद्यार्थ्यांची प्रगती होते आणि ते आनंदी होतात, असं तिथे ठळक अक्षरांत होतं.

"मॅडम, मुलांना जुनीच पद्धत आवडत असली तर?"

त्या हसल्या. "जुनं चांगलं आहे हे सांगायला संशोधन कशाला लागतं गं? आधी पूर्वचाचणी घे, मग तुझा उपक्रम, मग उत्तरचाचणी. पूर्वचाचणीत कमी, उत्तरचाचणीत जास्त. शेवटी मुलांची प्रश्नावली भरून घे. झालं."

आमच्या वर्गातल्या बहुतेक मुलींनी ते खरोखर असंच केलं. काहीजणी तर शाळेत गेल्याच नाहीत. होस्टेलच्या गॅलरीत गोल करून बसल्या, चार रंगांचे पेन घेतले आणि पन्नास मुलांच्या प्रश्नावल्या एका दुपारी भरून टाकल्या. एकीनं डाव्या हातानं लिहिलं, म्हणजे अक्षर वेगळं दिसावं. त्या हसत होत्या आणि मला शिसारी येत होती. मी त्यांच्यापेक्षा बरी आहे अशी तेव्हा माझी समजूत होती.

मला छात्रसेवाकालासाठी, म्हणजे प्रत्यक्ष शिकवण्याच्या सरावासाठी, करडी गावाच्या पलीकडची एक शाळा मिळाली. आमच्या गावापासून स्कूटीनं अर्ध्या तासाच्या अंतरावर. दोन्ही बाजूंना धानाच्या बांध्या, शाळेच्या मागे तलाव. सातवीचा वर्ग माझ्याकडे आला. त्या वर्गाला गणित शिकवणारे सर निवृत्तीला आले होते. पांढरा शर्ट, खिशात लाल पेन, हातात लाकडी फूटपट्टी. फळ्यावर एक गणित सोडवून दाखवायचे, दहा घालायचे आणि मग बाकांमधून फिरत प्रत्येकाची वही स्वतः तपासायचे. चुकलं की पट्टीची कड बोटांच्या पेरांवर. मीही अशाच एका सरांच्या हाताखाली शिकले होते. त्या आवाजानं माझी बोटं आपोआप मिटायची. पट्टी मारताना सरांच्या चेहऱ्यावर राग नसायचा, काहीच नसायचं. मला त्याचीच जास्त किळस यायची. माश्या हाकलाव्यात तसं ते मारणं होतं.

शाळेत एक डिजिटल खोलीही होती. भिंतीवर मोठा स्क्रीन, त्यावर कारखान्यातून आलेलं प्लॅस्टिक जसंच्या तसं. किल्ली मुख्याध्यापकांकडे. "खराब झालं तर जबाबदारी कोणाची?" असं म्हणत त्यांनी ती मला दिली आणि प्लॅस्टिक काढू नका, असं दोनदा बजावलं.

पहिल्या आठवड्यात मी अपूर्णांकांची पूर्वचाचणी घेतली. दहा प्रश्न, सोपे ते अवघड. घरी येऊन पेपर तपासले आणि चकितच झाले. अर्ध्याहून जास्त मुलांना जवळपास सगळं येत होतं. एका मुलीची दहाच्या दहा बरोबर होती, तीही कच्चं काम न करता. ती ढिवरांच्या घरची. तिची आई करडीच्या बाजारात मासोळ्या विकायची आणि ही बाजाराच्या दिवशी तिच्याजवळ बसायची. पाव किलो, दीड पाव, पाऊण किलो हे तिच्या जिभेवरच होतं. मी तिला विचारलं, "आकडेमोड कुठे केलीस?" तर म्हणाली, "डोक्यातच झाली म्याडम."

मॅडम शाळा बघायला आल्या तेव्हा मी मोठ्या उत्साहानं तो गठ्ठा त्यांच्यापुढे ठेवला. त्यांनी चार पेपर चाळले आणि त्यांचा चेहरा उतरला.

"पूर्वचाचणीतच इतके गुण? मग तुझा उपक्रम वाढवणार काय?"

"पण मॅडम, त्यांना येतं."

"येतं तर येऊ दे ना. कागदावर कशाला यायला पाहिजे? हे फाड आणि परत घे. त्यांना सांग, थोडं चुकवा म्हणावं. लेकरं ऐकतात."

मी फाडले. शाळेच्या मागे कचरा जाळायची जागा होती, तिथे उभी राहून चार-चार पेपर एकत्र करून फाडले. कुणी जबरदस्ती केली नव्हती. अंतर्गत गुण त्यांच्या हातात होते, एवढंच.

दुसऱ्या दिवशी मी वर्गात गेले आणि तीच प्रश्नपत्रिका परत वाटली. काय बोलायचं ते रात्रभर घोकलं होतं. "बघा, हा एक खेळ आहे," मी म्हणाले. "आज ज्यांना येतं त्यांनी पण पाच-सहा चुकवायची. नंतर आपण नवीन पद्धतीनं शिकू आणि मग सगळ्यांनी बरोबर सोडवायची. तुमचे गुण वाढलेले दिसतील."

मुलं एकमेकांकडे बघायला लागली. मागचा एक मुलगा आनंदानं म्हणाला, "मले तं चुकवाचीही गरज नाई म्याडम." सगळे हसले. मीही हसले.

ती मुलगी हसली नाही. उभी राहिली. "म्याडम, मले येते तं चूक कायले लिवू?"

"सांगितलं ना, खेळ आहे."

"पण पेपरवर माहं नाव हाय ना."

मला उत्तर सुचलं नाही, म्हणून मला राग आला. "जास्त शहाणपणा नको. सांगितलं तेवढं कर," मी म्हणाले. आवाज चढला होता. ती खाली बसली. मी बाकांमधून फिरत होते तेव्हा तिच्याजवळ थांबले. तिनं एका गणिताचं उत्तर बरोबर लिहिलं होतं, मग रबरानं खोडलं, आणि चुकीचं काय लिहावं याचा विचार करत पेन्सिलीचं टोक चावत बसली होती. बरोबर उत्तर तिला झटकन यायचं. चुकीचं शोधायला वेळ लागत होता.

पुढच्या दिवशी जे झालं त्याची मला कल्पना यायला हवी होती. ते पेपर मी स्टाफरूमच्या टेबलावर ठेवून प्रार्थनेला गेले. परत आले तर सर ते चाळत उभे होते. फूटपट्टी घेऊन सरळ सातवीत गेले. मी व्हरांड्यात होते. मला आतलं सगळं ऐकू येत होतं.

"तीन महिने घसा कोरडा केला मी! अन् पाव आणि अर्धा तुमाले समजत नाई? हात पुढे करा!"

मग तो आवाज. एकामागून एक, रांगेनं. मी दाराच्या एका बाजूला भिंतीला टेकून उभी राहिले. आत जाऊन एक वाक्य बोलायचं होतं. मला वाटत होतं, आता एखादं पोरगं सांगेल की म्याडमनंच चुकवा म्हटलं. सांगितलं तर बरं, असंही वाटत होतं, आणि सांगू नये, असंही. कुणीच सांगितलं नाही. तिच्या बाकाशी सर आले तेव्हा म्हणाले, "तू पण? तुले काय झालं?" तिला दोन बसल्या, इतरांना एकेक. हुशार मुलानं चुकणं त्यांना जास्त लागत असावं.

मी पाणी प्यायच्या निमित्तानं तिथून निघून गेले. टाकीपाशी जाऊन तोंड धुतलं.

त्यानंतरचे तीन आठवडे माझा नावीन्यपूर्ण उपक्रम चालला. डिजिटल खोलीत खिडक्या लावून, अंधार करून मुलांना व्हिडिओ दाखवायचे. प्लॅस्टिकमुळे स्क्रीनवर चुण्या दिसायच्या. त्यात एक पिझ्झा कापला जायचा, गोड आवाजातली बाई त्याचे आठ भाग करायची, आणि मुलं अपूर्णांकांकडे न बघता चीजची तार किती लांब जाते ते बघायची. पंखा हळू, उकाडा प्रचंड. मागच्या रांगेतली दोन मुलं झोपायची. मी त्यांना उठवत नव्हते, कारण फोटोत मागची रांग येत नव्हती. फोटो मात्र रोज काढायचे. "हात वर करा, हसा," म्हणायचे. नंतर ते फाईलला चिकटवले, खाली लिहिलं, आनंददायी अध्ययन अनुभव घेताना विद्यार्थी.

उत्तरचाचणी झाली. सगळ्यांचे गुण वाढले. अर्थातच वाढले.

राहिली प्रश्नावली. वीस विधानं, पुढे सहमत आणि असहमत. मी वाटल्याबरोबर पहिला प्रश्न आला, "म्याडम, कायवर टिक मारू?"

त्या दिवशी मला काय झालं कोण जाणे. कदाचित थकले असेन. मी म्हणाले, "कागद बाजूला ठेवा. मला नुसतं सांगा. सरांचं शिकवणं आणि माझं शिकवणं, तुम्हाला काय वाटतं? मी कुणाला सांगणार नाही."

मग चुकवायची गरज नसलेला तो मुलगा म्हणाला, "तुमच्या तासाले मार नाई लागत. ते बरं हाय."

"पण तुमी वही नाई पाहत," एक मुलगी म्हणाली. "सर पाहतेत. माही वही त्यायनं कधी सोडली नाई. तुमाले माही वही कोनती ते तरी मालूम हाय का?"

मला माहीत नव्हतं.

"व्हिडिओत ते बाई आपल्याले काहीच विचारत नाई," दुसरा म्हणाला. "थांब म्हटलं तं थांबत नाई."

"सर तं थांबतेत का?" कुणीतरी विचारलं, आणि वर्ग हसला. "सरले परत विचारलं तं म्हणतेत, तवा काय झोपला होता?"

"मंग सारखंच हाय ना. तिकडं फळा उतरवा, इकडं टीवी पाहा. आपन बसूनच रायतो."

मी भराभर मागच्या पानावर लिहीत होते. मला वाटत होतं, हेच खरं संशोधन आहे, हे मॅडमना दाखवेन. तेवढ्यात मासे विकणारी ती मुलगी बोलली. इतका वेळ ती खिडकीबाहेर बघत होती.

"सर चुकलं तं मारतेत. तुमी बरोबर आलं तं रागावता."

ती काही मला टोचून बोलत नव्हती. मी विचारलं होतं, तिनं सांगितलं. माझा पेन थांबला. ते वाक्य मी लिहिलं नाही.

मी प्रश्नावल्या परत वाटल्या आणि म्हणाले, "सहमतवर टिक मारा. सगळीकडे." त्यांनी मारली. दहा मिनिटांत झालं.

बाकीच्या मुलांचं जे बोलणं लिहून घेतलं होतं, ते मी दोन पानं स्वच्छ करून फाईलला जोडलं. मॅडमनी पिन उपटून ती पानं माझ्या हातात दिली. "हे मुलाखत तंत्र झालं. आपलं तंत्र प्रश्नावली आहे." तोंडी परीक्षेला बाहेरून आलेल्या सरांनी फाईल उघडली, रंगीत आलेख बघितले, चहाचा कप त्यावरच ठेवला आणि मला विचारलं, "लग्न झालंय का?" मग चांगले गुण दिले.

यानंतर शाळेत पालकसभा होती. माझा शेवटचा दिवस. मुख्याध्यापकांनी माझ्या आलेखांचा फ्लेक्स करून भिंतीवर लावला होता आणि भाषणात म्हणाले, काही विद्यार्थी तर चारवरून दहावर गेले. त्यांनी त्या मुलीचं नाव घेतलं. तिला उभं केलं. टाळ्या झाल्या. ती खाली बघत उभी राहिली.

सभा संपल्यावर तिची आई माझ्याकडे आली. हातात पळसाच्या पानात बांधलेली, सुतळीनं आवळलेली पुडी. "म्याडम, हे घ्या. मरळ हाय, आजच सकाळची. माह्या पोरीले काहीच येत नव्हतं म्हणतेत हेडसर. तुमी नवीन पद्धतीनं शिकवलं म्हणून आलं. आमी अडाणी मानसं, आमाले काय समजते?"

मुलगी तिच्या मागे उभी होती. माझ्याकडे बघत होती, रागानं नाही, नुसतीच. मी पुडी घेतली. "हुशार आहे तुमची मुलगी," एवढं म्हटलं आणि स्कूटी काढली.

घरी आईनं मासोळीचा रस्सा केला. मला भरपूर वाढला. एक घास तोंडात घेतला आणि तो खाली उतरेना. मागच्या अंगणात जाऊन थुंकले. आईला वाटलं, काटा लागला.

चार दिवसांनी करडीचा बाजार होता. मी गेले. मासोळीच्या रांगेत ती बाई विळीवर बसून खवले काढत होती. मुलगी शेजारी तराजू धरून होती. मी गिऱ्हाईक हटेपर्यंत थांबले आणि मग उभ्यानंच सगळं सांगितलं. पहिली चाचणी, फाडलेले पेपर, चुकवायला लावणं, सरांचा मार.

बाईचे हात थांबले. तिनं आधी मुलीकडे बघितलं.

"हेच सांगत होती थे मले," ती हळू म्हणाली. "त्या रोजी हात सुजवून घरी आली. म्हणे, मले येत होतं, म्याडमनं चुकवाले लावलं. मीनं म्हटलं, म्याडम असं काहून करन? शिकली-सवरली बाई हाय. तूच खोटी बोलून राहिली. दोन रोज मी तिच्याशी बोलली नाई."

"माझं चुकलं," मी म्हणाले.

"मले कायले सांगता? तिले सांगा."

मी मुलीकडे वळले आणि तेच परत म्हटलं. तिनं तराजूतलं वजन काढून बाजूला ठेवलं आणि विचारलं, "सरले सांगतलं का तुमी?"

नव्हतं सांगितलं.

सोमवारी मी शाळेत गेले. सर स्टाफरूममध्ये एकटेच वह्या तपासत होते. मी सांगत गेले तसा त्यांचा लाल पेन मंदावत गेला. मला वाटलं, हे आता संतापतील. संतापले असते तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "एवढ्यासाठी पोरांना कशाला मधात घेतलं? मला सांगितलं असतं तर मीच आकडे लिहून दिले असते. दरवर्षी देतो की." आणि पुढची वही उघडली.

त्यांनी मुलांच्या हातावर पट्ट्या मारल्या होत्या, त्याबद्दल एक शब्द नाही. मीही विचारला नाही. विचारायचा हक्क कुठे होता? त्या खोलीत ते होते, मी होते, आणि आम्हा दोघांत जुनं काय आणि नवीन काय, हे मला त्या क्षणी सांगता आलं नसतं. त्या वह्यांचा, खडूचा, चहाच्या खरकट्या कपांचा वास मला अजून आठवतो.

मी त्यांच्याकडून पाच मिनिटं मागून घेतली आणि सातवीत गेले. उभी राहून सांगितलं, त्या दिवशी तुम्हाला जो मार बसला तो माझ्यामुळे बसला. तुम्हाला येत होतं. मी सरांना सांगून आले आहे. माझं वाक्य अर्धवट तुटत होतं. मुलं ऐकत होती. एकानं दुसऱ्याला कोपरानं ढोसलं. एकीनं हसू दाबलं. मोठ्या माणसानं असं काही म्हणायचं असतं, हे त्यांना नवीन होतं बहुतेक.

ती उभी राहिली. "मंग त्या फायलीत आता खरं लिवान का तुमी?"

"फाईल जमा झाली," मी म्हणाले. "गुणही मिळाले."

"अच्छा," ती म्हणाली आणि खाली बसली. दप्तरातून गणिताची वही काढली, समास आखला आणि तारीख घातली. दारात सर येऊन उभे होते. मी बाजूला झाले. ते आत गेले, फळा पुसला आणि मुलं उभी राहून एका सुरात नमस्ते म्हणाली.